वळणदार अक्षर

रुवैस. ऑगस्ट. पहाटेचे साडेचार.
बस उभी आहे, दार उघडं, एसी चालू,
आणि कुणी चढत नाही.

घोषणा नाहीत. इथे त्या शब्दालाच बंदी,
म्हणून मनातही कुणी तो मोठ्याने म्हणत नाही.
तिलकबहादूर बुटाची नाडी बांधतो, सोडतो, पुन्हा बांधतो.
गुलदाद नसवारीची चिमूट ओठाखाली सारून
उकिडवा बसलाय वाळूत.
येल्लय्या नुसता उभा. चार महिन्यांचा पगार
कंपनीच्या कुठल्याशा खात्यात झोपलाय,
आणि समुद्राकडून येणारी दमट वाफ
सगळ्यांच्या पाठी सारख्याच भिजवतेय.

मी टाइमकीपर. काखेत रजिस्टर.
साहेब म्हणाला, चढणार नाहीत त्यांची नावं आण,
सातच्या आत.

भुसावळ. चौऱ्याहत्तरचा मे.
मी चार वर्षांचा. आठवतं ते एवढंच:
क्वार्टरबाहेर रस्त्यावर आमची खाट,
खाटेवर पितळी डबे, डब्यांवर मी.
अप्पा फायरमन. तेव्हा तापीकाठी
कुणाच्या तरी केळीच्या बागेत लपलेले.
वीस दिवस यार्डात इंजिनं थंड.
एकीच्या धुराड्यात चिमणीने घरटं केलं, सांगायचे ते.
वीस दिवसांत कसलं घरटं!
पण आम्ही ते अंड्यांसकट खरं मानलं.

मग संप मोडला. यादी लागली.
अप्पांनी बोर्डावर आपलं नाव स्वतः वाचलं.
शिवी नाही दिली. घरी येऊन म्हणाले,
"पण लिहिणाऱ्याचं अक्षर काय वळणदार, अनसूये!
तायडेतल्या ड ला अशी गाठ मारलीय
जशी देवाच्या दोऱ्याला."
तीन वर्षं मालधक्क्यावर पोती वाहिली,
मग सरकार बदललं, परत घेतलं,
पण तो ड काही खांद्यावरून उतरला नाही.
माझ्या हाती पाटी दिली तेव्हा म्हणाले,
अक्षर चांगलं काढ. पण जपून वापर.

इथले रूळ सलग. सांधा म्हणून नाही.
मैलोगणती वितळवून जोडलेले, पिवळ्या गंधकाच्या गाडीसाठी.
अप्पांना फोनवर सांगितलं तर चूप झाले.
"लोखंडाला उन्हात फुगायला फट लागते रे,
नाहीतर ते वाकडं होतं."
आता तसं नसतं अप्पा, मी म्हणालो. गणित असतं.

सव्वासहा. पेन उघडलं.
एका उन्हाळ्यात जळगावला मोडी शिकलो होतो,
जुने जमिनीचे कागद वाचून चार पैसे मिळतील म्हणून.
कुणी कागद आणले नाहीत. लिपी तशीच पडून होती,
लग्नात मिळालेल्या घड्याळासारखी.
आज ती काढली.
हात न उचलता, एका दमात, त्रेसष्ट नावं
एकात एक गुंतवून लिहिली,
कुठे तिलक संपतो, कुठे गुलदाद सुरू होतो,
माझं मलाच कळेना.

साहेबाने पान उलटं धरलं, सुलटं धरलं.
"हे काय?"
मोडी.
"मला वाचता येत नाही."
मलाही थोडीच येते, म्हटलं. गुरुवारपर्यंत लावून देतो.

तो रागावला नाही. हसला.
यादी त्याला नकोच होती.
बसच्या दारावर कॅमेरा होता,
कोण चढलं नाही ते त्याला पावणेपाचलाच ठाऊक.
मला फक्त बघत होता.

दोन महिन्यांचा पगार सुटला. दोन अजून बाकी.
येल्लय्याला रविवारच्या विमानात बसवलं,
जाताना माझ्याकडे त्याने आपली पाण्याची बाटली ठेवली,
का, ते विचारायला वेळ नव्हता.

रात्री भुसावळला फोन लावला.
अप्पांना आता कमी ऐकू येतं, सगळं दोनदा सांगावं लागतं.
"नावं लिहिलीस?"
लिहिली.
"अक्षर?"
घाण, अप्पा. एकदम घाण.
पलीकडे बराच वेळ खोकला,
की हसू,
आणि मागे यार्डातली शंटिंगची शिट्टी.