लिहून देणार

वेंगुर्ल्यात, दुय्यम निबंधकाच्या कचेरीसमोर,
भेंडीच्या झाडाखाली माझं टेबल.
एक संगणक, एक प्रिंटर, दोन खुर्च्या,
आणि एक स्टूल, लिहून देणारीसाठी.

दस्ताला दोन तोंडं असतात:
लिहून घेणार, लिहून देणार.
बावीस वर्षांत घेणारे भाऊ मी मोजले नाहीत.
देणाऱ्या लांबूनच ओळखू येतात,
पिशवीत भाच्यांसाठी खाज्याचा पुडा,
अंगावर ठेवणीतली साडी,
जणू हळदीकुंकवाला आल्यात.

मसुदा तयारच असतो.
फाईलचं नाव ‘हक्कसोड नवीन दोन’.
नाव, वय, धंदा घरकाम,
हापूसची कलमं सतरा, माड नऊ,
विहिरीतला निम्मा हिस्सा, पाणंदीचा वहिवाटीचा हक्क,
आणि मग ती ओळ:
‘मी हे स्वखुशीने, अक्कलहुशारीने,
कोणाच्याही दडपणाशिवाय लिहून देत आहे.’
ही ओळ मी टंकत नाही.
ती आधीपासून तिथे असते.

कॉलेजात मला राज्यशास्त्र होतं.
सर सांगायचे, आरंभी माणसं एकत्र आली,
त्यांनी करार केला,
थोडं स्वातंत्र्य स्वखुशीने सोडलं,
आणि राज्य झालं.
दहा मार्कांना यायचं. मला साडेसात.
आता धंद्याच्या सवयीनं विचारावंसं वाटतं:
मुद्रांक कितीचा होता?
दोन साक्षीदार कोण?
आणि बायका त्या दस्तात लिहून देणार होत्या,
की मिळकतीच्या वर्णनात,
चतुःसीमेच्या आत,
विहिरीच्या खालच्या ओळीत?

माझ्या लग्नात वडिलांनी हातावर पाणी सोडलं.
दान, म्हणाले भटजी.
बक्षीसपत्राला देणाऱ्याची सही लागते,
घेणाऱ्याची लागते.
बक्षिसाची लागत नाही.

मागच्या मंगळवारी मोचेमाडहून
सत्यभामा केळुसकर आली.
काजूच्या कारखान्यात एकतीस वर्षं,
बोटांची टोकं काळी.
बरोबर दोन भाऊ. धाकट्यानं सोडा आणून दिला,
बाटली तिच्या हातात देण्याआधी रुमालानं पुसली.
मी मसुदा वाचला, घाईत, नेहमीसारखा.
ती म्हणाली, थांब गो.
‘जमीन देतंय. भाव आसत माझे.
पण स्वखुशीन म्हणान लिवलंस, ता काढ.
माका खोटा बोलूचा नाय.’

थोरला हसला. अगो, ती रीतच आसा.
मी म्हटलं, हा शब्द नसेल तर आत दस्त घेत नाहीत.
‘तर मग खरा लिव.
लिव, म्हायार तुटतला म्हणान देतंय.
लिव, घोवान भायर काढल्यान
तर जावचा खंय, म्हणान देतंय.’
धाकटा भेंडीच्या झाडाकडे बघत राहिला.

मी ‘स्वखुशीने’ निवडलं.
ते निळं झालं.
पुसलं.
वाक्याला काहीच झालं नाही.
व्याकरण तसंच उभं होतं,
पुढचे शब्द एक घर सरकले एवढंच.

आत साहेबांनी वाचलं नाही, ते कधीच वाचत नाहीत.
पण यंत्रानं तिचा अंगठा घेतला नाही.
काजूच्या तेलानं रेषा केव्हाच खाल्ल्या होत्या.
पुसून, चुना लावून, डावा, उजवा,
भावानं मनगट धरून दाबून.
पडद्यावर तेच: पुन्हा प्रयत्न करा.
साहेब म्हणाले, सोमवारी या.

चार वीसच्या एसटीनं ती गेली,
एकटीच, मागच्या दारानं चढून.
खाज्याचा पुडा टेबलावर राहिला.
सोमवार होऊन गेला. अजून एक गेला.
येईलही. येतात.

तोवर तिचा दस्त माझ्या खणात आहे,
एका शब्दानं हलका.
माझा स्वतःचा भावाच्या कपाटात,
दोन हजार नऊचा, मीच टंकलेला.
स्वखुशीने.
शुद्धलेखनाची एकही चूक नाही.