काठ सोडून

मधोमध दाब, भाविका. काठ सोडून.
एवढंच सांगायला बसलोय खरं तर,
पण तू विचारलंस लीडर म्हणजे काय,
तर नाक्यावरच्या फलकावर हात जोडून उभा असतो तो नव्हे.
हा गलाच्या अलीकडचा वावभर तंगूस,
जाड, कारण दात ह्याला लागतात,
खडक ह्याला लागतो,
आणि मासा आला की नाव होतं दोराचं.

गाठ इथे चालत नाही.
एवढा जाडा तंगूस वळत नाही, वळला तर बसत नाही,
रुसलेल्या जावयासारखा पाटावर अर्धाच टेकतो.
म्हणून ही नळी. दोन नाकपुड्यांची, हरभऱ्याएवढी.
एकीतून आत, गलाच्या डोळ्यातून वळसा,
दुसरीतून परत.
सैल हलला तर चुकलं, घुसवावा लागला तरी चुकलं.
अंगठी बसते तसा.
आयची नाही, तुझ्या मापाची.

मी दिवसा लिफ्टच्या तारा तपासतो, परळला,
पंचेचाळीस मजले, खाली काळोखाचा चौकोन.
तिथे सांध्याला प्रेस लागतो, तारीख लागते,
साहेबाचा टॉर्च, साहेबाची सही.
इथे दांड्याला, ह्या चटईवर,
सांधा म्हणजे मी आणि पकड.
सही करायला कोणी नाही.

ही पकड तेव्हा नव्हती.
होती ती घरची, खिळे उपटायची,
आणि मला साडेसातची ड्युटी.
नळी दाबली ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत,
चपटी केली, सुक्या मांदेलीसारखी.
वाटलं, जेवढं दाबू तेवढं घट्ट.

तुझ्या बापाने सांगितलं नसेल तुला.
बावीस वावांवर घोळ लागली होती.
पाऊण तास. तिघांनी तिची कूस पाहिली,
पाण्याखाली पितळेची परात फिरावी तशी.
पोश्या खलाशाने तिच्या बोताचा भाव मनात केलासुद्धा,
मुलीची फी, छपराचे पत्रे, उरलेले कुठे ठेवायचे ते.
आणि दोर हलका झाला.

वरची नळी परत आली, भोवरीत लटकलेली.
तिच्या तोंडाशी तंगूस
ब्लेडने उतरवावा तसा साफ.

बापाने तुझ्या शिवी नाही दिली.
डब्याच्या झाकणावर ती नळी ठेवली,
माझ्याकडे सरकवली.
‘जाम घट्ट होती,’ म्हणाला,
आणि भात कालवायला लागला.

दुसऱ्या दिवशी मशीनरूममध्ये भिंगाखाली पाहिली.
काठावर पत्र्याची धार निघाली होती, माझ्याच हातची.
घोळीने काही तोडलं नव्हतं.
ती नुसती ओढत होती, तिचं ते कामच.

मग नागदेवीहून ही पकड आणली.
साडेअकराशे. तुझ्या आयला आठशे सांगितलेत,
तूही आठशेच सांग.
हिच्या जबड्यात खाच आहे, बघ, नळी त्यात झोपते.
मधोमध दाब. दोन्ही काठ मोकळे,
घंटेच्या तोंडासारखे जरा उघडे,
म्हणजे तंगूस आत जाताना कुठे टेकणार नाही.
शेपूट तांदळाएवढं ठेव,
उदबत्तीने त्याचं बोंड कर. सरकलंच तर बोंड अडेल.
आच दुसऱ्या बाजूला नको. शेकलेला तंगूस दिसतो तसाच,
फक्त तो मेलेला असतो.

आता गल खिडकीच्या गजात अडकव.
हातमोजा घाल आधी.
पाय भिंतीला. ओढ.
अजून. लाजतेस काय, गज माझा आहे.

हा सुटला. सुटू दे.
इथे सुटला तो चांगला सुटला,
त्याला वेगळ्या डबीत टाक, तुझ्या नावाच्या.
माझ्या नावाची ती, बिस्किटांची, मोठी.

बाप आला तुझा. मोजू नको, काम कर.
तो उंबऱ्यातच वाकतो, ढिगातला एक उचलतो,
उजेडाकडे धरत नाही, डोळ्यांनी बघतच नाही,
अंगठ्याचं नख फिरवतो
नळीच्या तोंडावरून, गोल,
एकदा,
पुन्हा एकदा.

‘हा कोणी केला?’

सांग ना. तूच केलास.