बाईच्या बाहुलीला पाय नसतात

आवाजी नावाच्या बेटावर
मिझुए नऊ वर्षं आवाज न करता वाकून राहिली.
तीन माणसांची एक बाहुली.
मान नि उजवा हात त्सुरुगोरोंकडे,
डावा हात दुसऱ्याकडे,
आणि सगळ्यांत खाली, पायांपाशी, उमेदवार.
पुरुषाच्या बाहुलीला निदान टाचेशी आकडे असतात धरायला.
बाईच्या बाहुलीला पायच नसतात.
किमोनोच्या आत दोन मुठी,
चिमटीत काठाची एक चुणी,
एवढ्यावर तिनं बसायचं, रुसायचं,
भर रात्री पूल ओलांडून जीव द्यायला निघायचं.

मिझुएचं कोपर गुरूंच्या कमरेला टेकलेलं.
इशारा तिथूनच यायचा.
"लोकांना आपण दिसतो,
ते न बघायचं ठरवून येतात," ते म्हणायचे.
"त्यांचा शब्द मोडेल असं हलू नकोस."

दहाव्या वर्षी ती ओसाकाला गेली.
कारण साधं. पगार, आणि पाठ.
तिथंही काळाच पोशाख निघाला,
अंगासरसा, सांध्यासांध्यावर करडे मणी,
छताला चोवीस कॅमेरे.
ती मान वळवते, पडद्यावर शिराहो मान वळवते:
केस समुद्राच्या फेसासारखे,
वय सतरा,
सतरावा वाढदिवस तीनदा साजरा झालेला.

नववर्षाच्या कार्यक्रमासाठी शिराहोला किमोनो चढवला
आणि घोटाळा झाला.
चालली की काठ पुठ्ठ्यासारखा.
हागिवारानं रात्रभर आकडे फिरवले.
"पाय बरोबर आहेत," तो म्हणाला, "अगदी बरोबर."
"तिथंच तर चुकतंय,"
दारातून कोणीतरी म्हणालं.

त्सुरुगोरो. पुलावरून बसनं आलेले,
हातात बेटावरच्या कांद्यांची जाळी.
शिष्येचं काम बघायला, असं म्हणाले.
रागावलेत की नाही ते कळेना.
कोट काढून घडी घातली,
दोन्ही मुठींना मणी चिकटवून घेतले
आणि गुडघ्यांवर बसले,
तीस वर्षांत कोणी त्यांना पाहिलं नव्हतं त्या जागी.
हागिवारानं शिराहोचे पाय पुसून टाकले.

मिझुएच्या कमरेला एक कोपर टेकलं.
म्हातारं, जरा थरथरणारं,
वाट बघणारं.
इशारा आता तिनं द्यायचा होता.
तिला क्षणभर तो सुचेचना.

मग काठ हलला.

मध्यरात्री बघणाऱ्यांनी भराभर लिहिलं,
आज शिराहो खरीखुरी चालली, पाय किती सुंदर!
त्सुरुगोरोंना वाचून दाखवलं, तेव्हा ते खोकल्यासारखं हसले.

"रात्री हिला ठेवता कुठं?"
हागिवारानं कोपऱ्यातलं कपाट दाखवलं,
हिरवे दिवे, पंख्यांची घरघर.
ते त्याच्यासमोर वाकले, नेहमीएवढे.
जाळी कपाटाशी टेकवून ठेवली,
दारापर्यंत गेले,
परत येऊन उचलली.
"इथं उबारा आहे," म्हणाले,
"कांद्यांना मोड येतील."