पाना नंबर बावीस

कोर्टनाक्याला, दुसऱ्या मजल्यावर
मागच्या बाकावर बसलोय. डोक्यात नऊ टाके.
बोलणं माझ्यावरच चाललंय, मला सोडून.

रोहिदास केणीचा अटकपूर्व जामीन.
त्याचा वकील म्हणतो, दाखल्यावर साधी दुखापत लिहिलीय,
फिर्याद दोन दिवस उशिरा,
आणि भांडण कशाचं, तर नुसत्या पाण्याचं.
नुसत्या!
विटाव्यात एक उन्हाळा काढ म्हणावं.

साहेब कागदावर बोट फिरवतात.
"आधीचा गुन्हा?" नाही.
"पळून जाईल?" घर इथंच, पोरं इथल्याच शाळेत.
"मग कोठडी कशाला हवी?"
सरकारी वकीलबाई उठतात:
"हत्यार जप्त व्हायचंय. लोखंडी पाना.
आरोपीनं लपवलाय."
साहेबांचं पेन थांबतं.

पाना माझाच.
त्यानं माझ्याच हातातून हिसकला, हाणला,
आणि रक्त बघून तिथंच टाकून पळाला.
बायकोनं भांड्यांच्या साबणानं घासला.
पंपाच्या खोलीत खिळ्याला टांगलाय.
पोलिसांनी विचारलं नाही.
मीही गप्प. अजून गप्पच.

"गुरुवारपर्यंत अटक नको.
रोज चौकीत हजेरी. फिर्यादीच्या वाटेला जायचं नाही.
पुढचं."

वाट एकच आहे साहेब आमची. जिना एकच.

साडेपाचला पाणी सोडायचं असतं.
पाना काढला. व्हॉल्व्ह नेहमीसारखा अडला,
मग फिरला.
वर तिसऱ्या मजल्यावर, केणीच्या मोरीत
बादली वाजायला लागली.