तारवाला

चियातुरात तारा दोन.
एक दरीवरून जाते, तिला लोखंडी डबे लटकतात,
खाणीतली माणसं त्यात उभ्यानं जा-ये करतात.
दुसरी कागदाची. ती लढाईच्या काळात यायची
आणि घरातलं एक ताट कमी करून जायची.

सेवेरियान लोमताद्झे पहिल्या तारेवर नोकरीला,
वरच्या थांब्यावर, कळ दाबायला.
बहात्तर साली तिबिलिसीहून सिनेमावाले आले.
त्यांचा पोस्टमन प्यायला आणि जिन्यावरून पडला,
तेव्हा याचे उतरलेले खांदे बघून
याला दुसऱ्या तारेवर घेतलं.

चारच मिनिटं.
फाटकाशी येतो. आतून बाई विचारते, कोण?
टोपी काढतो. परत घालतो.
कुंपणावरून पोराचा एक मोजा खाली पडलाय,
तो उचलतो, झटकतो, नीट वाळत घालतो.
बोलत काहीच नाही.
बाई बाहेर येते, त्याच्या हाताकडे बघते
आणि होती तिथेच खाली बसते.

माझे वडील प्रोजेक्टर चालवायचे.
ते रीळ लावलं की बाहेर जाऊन सिगारेट ओढायचे.
थोरल्या भावाची तार त्यांनीच घेतली होती,
नवव्या वर्षी.

पुढं सेवेरियानला कुणी सिनेमात घेतलं नाही
आणि गावानं त्याला सिनेमातून सोडलं नाही.
मीठ मागायला दारात गेला तरी
म्हाताऱ्या छातीवर क्रूस काढायच्या.
पायगुणाचा बोभाटा झाला.
बायको, नातेला, म्हणाली, शीळ घालत जात जा,
वाईट बातमी शीळ घालत येत नाही.
तेव्हापासून तो शीळ घालायचा. भयंकर बेसूर.
कुत्रीसुद्धा ओळखायची.

मग ते वाईट हिवाळे. वीज नाही, पावासाठी रांगा,
डबे दरीच्या मधोमध अडकलेले.
मेलानोचा एल्गुजा सुखुमीला लढायला गेला होता.
सुखुमी पडलं. तो आला नाही, गेल्याचंही कळेना.
कागद पाठवणार कोण? पोस्टाची खिडकीच
कुणीतरी सरपणाला नेली होती.
दोन वर्षांनी मेलानो सगळ्या पायऱ्या चढून
वरच्या थांब्यावर आली. म्हणाली,
तुला येतं ते.
एकदा ये माझ्याकडे.
उभी राहून राहून पाय गेले रे माझे.

टोपी माझ्या वडिलांची, जरा सैल.
कंदील मी धरला होता, म्हणून सांगतो.
तो शीळ न घालता चालला.
फाटकाशी थांबला. ती आतून म्हणाली, कोण?
आवाज असा, की आपणच बोलावलंय
हे ती विसरली असावी.
त्यानं टोपी काढली.
परत घातली नाही.
कुंपणावर काहीच नव्हतं, हात तसेच राहिले.
ती बाहेर आली, त्या रिकाम्या हातांकडे बघितलं
आणि बसली.
मग, हे सिनेमात नाही,
फाटकाच्या अलीकडे तोही बसला.
बास म्हणणारं तिथं कुणी नव्हतं.
कंदिलातलं तेल संपलं तरी दोघं तशीच.

ती प्रिंट म्हणे नंतर कुजली.
आमच्याकडे थडग्याच्या काळ्या दगडावर चेहरा कोरतात.
गावाला टोपीतला हवा होता. नातेला ऐकेना.
कोरणारा म्हणाला, बाई, असे ओठ कोरले
तर मुका घेतोय असं वाटेल.
वाटू दे, ती म्हणाली.