कॉलर माईक

मंगळवारी आम्ही तो काढायला विसरलो.
बेबीनंदाच्या ओढणीत, पिनेच्या आड,
उडदाच्या दाण्याएवढा.

सकाळभर मी विचारत होते
आणि तिची वहिनी सांगत होती:
तिला पिशव्या चिकटवायला आवडतं,
तिला गोड आवडतं, तिला माणसं आवडतात.
बेबीनंदा, वय त्रेचाळीस,
खळीत बोट बुडवून घडी दाबत होती,
नखानं, या टोकापासून त्या टोकापर्यंत.
मी म्हटलं, ताई, तुम्ही बोला ना.
वहिनी म्हणाली, बोल गो,
आणि पुन्हा तीच बोलली.

ऐरोलीत मंडईमागे, पहिल्या मजल्यावर ही कार्यशाळा.
अर्जात मी लिहिलं होतं:
ज्यांना आवाज नाही, त्यांना आवाज देणारा माहितीपट.
त्या वाक्यावर पैसे मिळाले.
ट्रायपॉडचं भाडं, इलियासची रोजी,
दुपारचा पुलावसुद्धा त्या वाक्याचा.

साडेचारला ती खाली जाऊन बसली
पंपाच्या कट्ट्यावर, भाच्याच्या रिक्षाची वाट बघत.
इलियास केबल गुंडाळत होता, हेडफोन गळ्यात.
त्याच्या गळ्यातून कुणीतरी बोलू लागलं.

आम्ही बंद केलं नाही. हे आधीच सांगून टाकते.
एकोणीस मिनिटं.
खाडीपुलाकडे वळणारे ट्रक, कुणाचा तरी कुकर,
आणि त्यावर ती:
अडखळत, मागे येत, पुन्हा तिथूनच उचलत.
शेजारी कुणी नव्हतं.
इलियासनं एकदा माझ्याकडे पाहिलं,
मग आपल्या चपलांकडे.

माझ्या हाती काय लागलंय, मला कळत होतं.
रात्री वाशीला एडिटवर
तो आवाज मी तिच्या हातांवर लावून पाहिला,
खळ, घडी, नख,
आणि रडले,
आणि रडता रडता कट कुठे मारायचा तेही बघत होते.

बुधवारी तिला ऐकवलं. वहिनीला चहाला पाठवून.
हेडफोन तिनं दोन्ही हातांनी धरले,
गरम भांडं धरावं तसे.
मध्ये एकदा हसली,
आम्हाला हसू न आलेल्या जागी.
मग ते काढून माझ्या मांडीवर ठेवले.
"त्या माजा हाय," म्हणाली. "पिक्चरमदी नको."

मी समजावलं. हो, समजावलंसुद्धा.
म्हटलं, लोकांना कळेल तुमच्या मनातलं.
भाव पाडून मागणाऱ्या गिऱ्हाइकाकडे
तिची आई टोपलीमागून बघत असेल
तसं तिनं पाहिलं.
"पूस."

पुसलं. तिच्यासमोर.
रिकाम्या पडद्यावर बोट फिरवून तिनं खात्री केली,
बोटाला खळ होती, तो डाग अजून आहे.
माझ्या डोक्यातलं मात्र पुसता येत नाही,
शब्दन्‌शब्द आठवतं.
इथे लिहिणार नाही.

ठाण्यात फिल्म दाखवली तेव्हा
मागच्या रांगेतून एक गृहस्थ उठले.
चांगलं काम आहे, म्हणाले,
पण यांना स्वतःला काही सांगता येतं का?
वहिनीनं तोंड उघडलं.
बेबीनंदानं तिच्या गुडघ्यावर हात ठेवला.
कुणीतरी धावत जाऊन तिच्या हातात माईक दिला.
तिनं तो उलटासुलटा करून पाहिला,
बटण कुठाय ते शोधलं,
आणि बंद केला.