रिकामी वाटी

मोदेनाबाहेर, धुक्यात, चार नंबरच्या बेंचवर
इंजिन साडेसोळा हजार फेऱ्यांवर गेलं
आणि व्हॉल्व्ह वेळेत मिटेनात.
स्प्रिंग मागे पडली. एवढंच.
पोलादालाही धाप लागते,
हे मला कागदावर माहीत होतं.

देल्मो वेझ्झालीने तुकडा चिमटीत धरला,
दिव्यासमोर फिरवला.
“माझ्याच हातची. तिसऱ्या वेढ्याला गेली.”
एकतीस वर्षं तार वळतोय तो,
वेढे कानाने मोजतो.

मी नवं रेखाटन पसरलं:
सिलिंडर बशीसारखा रुंद,
पिस्टनची धाव माझ्या करंगळीहून आखूड,
आणि स्प्रिंगच्या जागी
एक रिकामी वाटी.
“इथे काय?”
“हवा. दाबलेली.”
“हवा,” तो म्हणाला,
न आवडलेल्या जावयाचं नाव
पहिल्यांदा घ्यावं तसं.

मार्चमध्ये एकोणीस हजार.
काचेपलीकडे एक्झॉस्टचे पाइप लाल, मग केशरी,
मग बघवेनात.
आवाज कानात नव्हे, दाढांत.
सगळे ओरडले. मीही, ऑफिसातली शांत ओत्ताविया.
देल्मोने कानातले बोळे काढले
आणि ऐकत राहिला,
काहीतरी तुटण्याची वाट बघत, सवयीने.

संध्याकाळी फाटकापाशी
तो सायकलचा टायर अंगठ्याने दाबत होता.
पुन्हा दाबला.
“तुझी हवा गळते,” मान वर न करता म्हणाला.
“शेवटच्या मिनिटाला सूर बदलला.”

सील गळत होतं. किंचित.
गेजवर मी पाहिलं होतं,
अहवालात लिहिलं नव्हतं.